खिळेकाकांचा फोन

खालच्या टायरच्या दुकानातल्या लोकांनी तिचं नाव टकटकबाई ठेवलं होतं. वर तिची खोली, खाली त्यांचं दुकान, आणि मधे नुसत्या लाकडी फळ्या. सकाळी त्यांचं शटर वर जायच्या आधीच तिची बोटं कीबोर्डवर सुरू झालेली असायची. हे नाव तिच्या कानावर आलं होतं, पण तिला त्याचा राग नव्हता. आपण इथे राहतो हे कुणाला तरी ऐकू येतं, एवढं तरी त्या नावातून कळत होतं.

काम म्हणाल तर ऐकण्याचं. लोक बोलतात, कुणीतरी ते रेकॉर्ड करतं, आणि मग ते सगळं शब्द न् शब्द कागदावर आणायला टकटकबाईंसारखं माणूस लागतं. सुरुवातीला कोर्टातल्या साक्षी, मग डॉक्टरांची भाषणं, मग माहितीपट बनवणाऱ्यांचं काम. नियम साधा होता. जे ऐकू येईल ते जसंच्या तसं लिहायचं. माणूस खोकला तर खोकला लिहायचा, दार आपटलं तर दार लिहायचं. आणि कितीही वेळा ऐकून कळलं नाही, तर कंसात लिहायचं : अस्पष्ट. तिच्या कागदांत हा शब्द क्वचितच यायचा. तिचे कान मांजरीसारखे आहेत असं आई म्हणायची.

आई बरीच वर्षं अंथरुणाला खिळून होती, आणि त्या काळात टकटकबाईंचं लग्नाचं वय कधी आलं नि कधी गेलं ते दोघींनाही कळलं नाही. आई गेल्यावर भाऊ म्हणाला, "आमच्याकडे राहायला ये." वहिनी म्हणाली, "या ना, तुमचंच घर आहे." पण वहिनीने ते दारात उभं राहून, एक हात चौकटीला लावून म्हटलं होतं. टकटकबाईंनी डोळ्यांनी नाही, कानांनीच ओळखलं की 'या'पेक्षा 'ना'वर जोर जास्त आहे. ती आपल्या खोलीतच राहिली. दर रविवारी भावाचा फोन यायचा. "बरी आहेस ना?" "बरी आहे." "मग ठीक." एवढ्यावर ते बहीणभाऊ आठवडा काढायचे.

अशात एक सिनेमावाली मुलगी तिच्याकडे काम घेऊन आली. केस कापलेले, खांद्याला जड पिशवी, जिना चढून आल्याची धाप. ती एका मोठ्या मेळाव्यावर माहितीपट करत होती. कामगारांच्या एका पक्षाने कधीकाळी सुरू केलेला हा मेळावा दरवर्षी गावाबाहेरच्या मैदानावर भरायचा. दिवसा भाषणं, वादविवाद, संध्याकाळी गाणी, नाटकं, आणि मधल्या वेळात तंबूंच्या गल्ल्यांतून नुसतं भटकणं. अर्धे लोक झेंड्यासाठी यायचे, अर्धे गाण्यांसाठी, आणि काही जण दोन्हीतलं काहीच कळत नसताना दरवर्षी न चुकता यायचे.

"सभा आणि जत्रा यांचं लग्न लावलंय म्हणा ना," मुलगी म्हणाली. "दोन्हीकडची मंडळी एकमेकांवर नाराज असतात, पण जेवून जातात."

टकटकबाई हसली. तिच्या खोलीत फार दिवसांनी कुणीतरी विनोद केला होता.

पुढचे काही महिने ती त्या मैदानावरच राहिली म्हणायला हरकत नाही. कानाला हेडफोन लावला की खालचे टायरवाले गायब व्हायचे आणि गर्दी सुरू व्हायची. लाउडस्पीकरवर घोषणा करणारा माणूस प्रत्येक वाक्याआधी घसा खाकरायचा. चहाच्या तंबूतली एक जाड आवाजाची बाई खोकत खोकत गिऱ्हाइकांना शिव्या द्यायची, आणि शिवी जितकी मोठी तितका चहा जास्त भरायची. आणि एक होते खिळेकाका.

खिळेकाका म्हणजे छापखान्यातले निवृत्त जुळारी. शिशाची सुटी अक्षरं, म्हणजे खिळे, एकेक करून जुळवायचे आणि त्यातून ओळ उभी करायची, यात त्यांची हयात गेलेली. ती कला आता कुणाला लागत नव्हती. पण मेळाव्यात ते आपलं पायाने चालवायचं जुनं यंत्र घेऊन बसायचे. कुणीही यावं, मनातली घोषणा सांगावी, काका ती तिथल्या तिथे जुळवून, छापून, ओल्या शाईसकट हातात द्यायचे.

"कालच एक जण आला," काका कॅमेऱ्याला सांगत होते, "म्हणाला, छापा, 'जगातल्या सगळ्यांनो एक व्हा.' म्हटलं बरं. बायको शेजारी उभी होती, ती म्हणाली, 'आधी घरात दोघं एक होऊ या, मग जगाचं बघा.' मी तिचीच ओळ छापली. चांगली खपली!"

टकटकबाई हे टंकताना एकटीच मोठ्याने हसली. मग आपलं हसणं खोलीत फार मोठं वाटल्यामुळे गप्प झाली.

तिला तो आवाज आवडला होता. त्यात घाई नव्हती. ओळीतली अक्षरं नीट बसली की नाही हे बघून पुढे जावं, तसं ते बोलायचे. लेकीबद्दल ते फार बोलायचे. लेक दुसऱ्या गावात मोठ्या हुद्द्यावर होती, कामात बुडालेली, पण शेवटच्या दिवशी मेळाव्याला नक्की येणार होती. "लावतो तिला फोन," असं म्हणून ते अधूनमधून तंबूमागे जायचे.

एकदा ते असे गेले तेव्हा त्यांच्या कॉलरला लावलेला छोटा माईक काढायचा राहून गेला. टकटकबाईंना गवतावरची पावलं ऐकू आली, शर्टाची घासघास, फोनची बटणं. आणि मग, अगदी बारीक पण काचेसारखा स्वच्छ, एक यांत्रिक बायकी आवाज : आपण लावलेला क्रमांक अस्तित्वात नाही.

तो आवाज चालू असतानाच काका बोलू लागले.

"हां, बोल गं बाळ. ... जेवलो, जेवलो. ... अगं, गर्दी कसली, मुंगीला शिरायला जागा नाही. ... तू दगदग करू नकोस. जमलं तर ये." यांत्रिक बाईने तीच ओळ पुन्हा सांगितली. "बरं, ठेवतो," काका म्हणाले.

लांबून कुणीतरी विचारलं, "काय म्हणते लेक?"

"येते म्हणते! कामाचा रगाडा आहे, पण येते म्हणते."

टकटकबाईंनी फीत मागे नेऊन पुन्हा ऐकली. मग हेडफोन काढून टेबलावर ठेवला. खाली कुणीतरी टायरमध्ये हवा भरत होतं. ती उठली, पाणी प्यायली, खिडकी उघडली, बंद केली. एखाद्याच्या घरात चुकून शिरावं आणि तो कपडे बदलत असावा, तसं तिला झालं होतं.

परत बसून तिने काकांचं सगळं बोलणं लिहिलं. आणि जिथे जिथे ती यांत्रिक बाई बोलली होती तिथे लिहिलं : (पलीकडचा आवाज अस्पष्ट). इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिने स्वच्छ ऐकू आलेल्या गोष्टीला तो शब्द लावला होता.

काम संपलं. मुलगी येऊन सगळं घेऊन गेली, आणि खोली पुन्हा नुसती खोली झाली. एखाद्या विमा कंपनीच्या बैठकीचं काम यायचं. त्यातले आवाज सगळे सारखेच वाटायचे. स्वयंपाक करताना टकटकबाईंना वाटायचं, चहावाल्या बाईचा खोकला बरा झाला असेल का? मग लक्षात यायचं, की आपण हे कुणाला विचारणार? ती बाई आपल्याला ओळखतसुद्धा नाही.

पुढच्या मेळाव्याला काही दिवस उरलेले असताना सिनेमावाल्या मुलीचा फोन आला.

"ताई, एक घोळ झालाय."

झालं होतं असं, की माहितीपट मेळाव्यातच पहिल्यांदा दाखवायचा ठरला होता. त्याआधी मुलीने त्यातला एक छोटा तुकडा लोकांच्या फोनवर सोडला. तो तुकडा नेमका काकांचा होता. लांबून टिपलेले तंबूमागचे काका, कानाला फोन, "बोल गं बाळ" म्हणताना उजळलेला चेहरा, आणि पलीकडचा बारीक आवाज झाकून टाकणारं सुरेल संगीत. लोकांनी तो डोक्यावर घेतला. बाप असावा तर असा, असं हजारोंनी लिहिलं. आणि काल एका बाईचा मुलीला फोन आला होता.

"काकांची मुलगी होती, ताई. म्हणाली, मी वडिलांशी कित्येक वर्षं बोललेले नाही. माझा तो नंबर कधीच बंद झालाय. ते कुणाशी बोलत होते? मला काही उत्तरच देता येईना. तुमच्या कागदावर पलीकडचा आवाज अस्पष्ट लिहिलंय. तुम्ही एकदा परत ऐकाल का?"

"परत ऐकायला नको," टकटकबाई म्हणाली. "आवाज अस्पष्ट नव्हता. मीच लिहिला नाही."



"का पण?"

"मला वाटलं, ते आपल्यासाठी नव्हतं."

"अहो, पण मला माहीत असतं तर मी तो भाग घेतलाच नसता!" मुलीचा आवाज चढला, मग खाली आला. "आता मी त्यांना काय सांगू? कुठल्या तोंडाने सांगू?"

"तू नको सांगू. मी जाते. चूक माझी आहे." मग थोडं थांबून तिने विचारलं, "लेक आणखी काही म्हणाली का?"

"म्हणाली, त्यांना सांगा मी बरी आहे. पण नंबर देऊ नका."

टकटकबाई मेळाव्याच्या पहिल्याच दिवशी बसने गेली. गर्दीत जायची तिला सवय नव्हती. पर्स पोटाशी धरून ती फाटकातून आत शिरली, आणि गंमत म्हणजे तिला कुठेच चुकायला झालं नाही. लाउडस्पीकरवर घसा खाकरला गेला आणि तिला ओळखीचं कुणी भेटल्यासारखं वाटलं. चहाच्या तंबूपाशी आल्यावर तिच्या तोंडून निघूनच गेलं, "खोकला बरा आहे का आता?"

जाड आवाजाच्या बाईने वर पाहिलं. ती तिच्या आवाजाच्या मानाने अगदीच किरकोळ होती. "बरा आहे. तू कोण गं?"

"कुणी नाही," टकटकबाई म्हणाली आणि चहा घेऊन पुढे निघाली. तो इतरांपेक्षा कमी भरलेला असावा, असं तिला उगीच वाटून गेलं. शिवी कुठे मिळाली होती तिला!

खिळेकाकांच्या तंबूपुढे रांग होती. काकाही तिने मनात धरले होते त्यापेक्षा लहानखुरे निघाले. खांदे पुढे आलेले, बोटांच्या पेरांत शाई मुरलेली. रांगेतला प्रत्येक जण तेच विचारत होता. "काका, तुम्हाला फोनवर बघितलं! लेक कधी येणार?" "परवा," काका म्हणत होते. "या वेळी आम्हालाही भेटवा हां." "हो, हो." प्रत्येक 'हो'बरोबर त्यांचा पाय यंत्रावर जास्तच जोरात पडत होता.

तिने रांग संपेपर्यंत वाट पाहिली. दुपारच्या भाषणासाठी लोक मोठ्या मंडपाकडे वळले तेव्हा ती पुढे झाली.

"बोला, काय छापू?" काकांनी विचारलं.

"छापायचं काही नाही. मी त्या सिनेमावाल्यांचं काम करते. तुमचं बोलणं ऐकून मी कागदावर उतरवलं." हे ती बसमध्ये मनात घोळवत आली होती. "तुम्ही तंबूमागे फोन लावलात, तेव्हा माईक चालू होता. मला पलीकडची बाई ऐकू आली."

काकांच्या हातात चिमट्याने धरलेला एक खिळा होता. तो त्यांनी खाली ठेवला नाही.

"सगळं?" त्यांनी विचारलं.

"सगळं."

"आणि मग तुम्ही ते गावभर केलंत."

"नाही. मी ते लिहिलंच नाही. म्हणून तर हे झालं. त्या मुलीला वाटलं खरंच लेकीशी बोलताय, तिने तेच दाखवलं."

काका स्टुलावर बसले. "शहाण्या आहात!" ते रागाने म्हणाले. "कुणी सांगितलं होतं झाकायला? उघडं पाडलं असतंत तर एकदाच काय ती लाज गेली असती. आता सकाळपासून प्रत्येकापुढे जातेय!"

  ती तिथून हलली नाही, आणि काकांनीही तिला जा म्हटलं नाही. मंडपातून भाषणाचा आवाज येत होता आणि मधूनच टाळ्या.

"या टाळ्या," मंडपाकडे बोट करत काका म्हणाले. "यांनीच घात केला माझा. लेक एका कारखान्यात मोठ्या पदावर होती. तिथे संप झाला. मला इथे भाषणाला उभं केलं, तर मी काय बोलावं? म्हटलं, माझी स्वतःची मुलगी मालकाच्या ताटाखालचं मांजर झाली आहे, मी तिला मुलगी मानत नाही. असा कडकडाट झाला की विचारू नका. आणि ती समोरच बसली होती हो. माझं भाषण ऐकायला मुद्दाम रजा काढून आली होती."

"तुम्हाला ती दिसली नाही?"

"टाळ्या वाजत असल्या की माणसाला काही दिसत नाही."

मग टकटकबाई जे सांगायला आली होती ते तिने सांगितलं. लेकीने तो तुकडा पाहिला. सिनेमावाल्या मुलीला फोन केला. नंबर देऊ नका म्हणाली. पण मी बरी आहे, एवढं त्यांना सांगा, असंही म्हणाली.

"बरी आहे म्हणाली?"

"हो."

"आपणहून? की त्या मुलीने विचारलं म्हणून?"

"आपणहून असावं."

काका पुढे वाकले. त्यांचा राग कुठल्या कुठे गेला होता. "आवाज कसा होता तिचा? दमलेला होता का? लहानपणी ती दमली की शब्दाचं शेपूट खायची. तुम्ही तर ऐकण्याचंच काम करता. कसा वाटला?"

आयुष्यभर लोकांचे आवाज ऐकलेल्या त्या बाईला हा एकच आवाज ऐकायला मिळाला नव्हता. छान होता, हसरा होता, असं म्हणणं काही अवघड नव्हतं. ते शब्द तिच्या ओठांपर्यंत आले. पण झाकल्यामुळे काय होतं ते तिने नुकतंच पाहिलं होतं.

"मी नाही ऐकला," ती म्हणाली. "फोन मला नव्हता आला."

काकांनी मान हलवली. पुन्हा पुन्हा हलवली. मग हातातला खिळा त्याच्या खणात नीट ठेवला आणि डोळे पुसले. शाई गालाला लागली ते त्यांना कळलं नाही, आणि तिनेही सांगितलं नाही.

संध्याकाळी सिनेमावाली मुलगी आली. ती काकांच्या पाया पडायचीच काय ती बाकी होती. काका म्हणाले, "तो भाग काढून टाक. बाकी सिनेमा चांगला केला असशील." मुलीने मान डोलावली. सगळ्यात सुंदर तुकडा होता तो, पण एका शब्दानेही तिने घासाघीस केली नाही.

दुसऱ्या दिवशी माहितीपट दाखवला तेव्हा मंडप भरून गेला होता. टकटकबाई त्या दिवशीही बसने आली आणि काकांच्या शेजारी बसली. पडद्यावर काका 'आधी घरात दोघं एक होऊ या' सांगत होते, लोक खदाखदा हसत होते, आणि शेजारचे काका हात मांडीवर ठेवून दुसऱ्याच कुणाकडे बघावं तसं स्वतःकडे बघत होते. तिला प्रत्येक वाक्य पुढे काय येणार ते पाठ होतं. तरी अख्ख्या मंडपाबरोबर ते ऐकताना ती एकदा हसली, आणि या वेळी तिचं हसणं गर्दीत कुठे गेलं ते तिला स्वतःलाही ऐकू आलं नाही.

बाहेर पडताना एका तरुणाने काकांना गाठलं. "काका, तो फोनचा सीन कुठे गेला? मी त्याच्यासाठी आलो होतो!"

"तो खोटा होता," काका म्हणाले. "माझी लेक माझ्याशी बोलत नाही."

तरुण मोठ्याने हसला. "काय काका, तुमचं आपलं काहीतरी!" आणि त्यांच्या पाठीवर थाप मारून निघून गेला. काका टकटकबाईंकडे पाहू लागले. खरं बोलून टाकलं तर लोक ते असं पाठीवर थाप मारून परत करतील, हे दोघांनाही सुचलं नव्हतं.

पण काकांनी सोडलं नाही. शेवटच्या दिवशी जो कुणी विचारेल त्याला ते तेच सांगत राहिले. काहींना गंमत वाटली. काही गोरेमोरे होऊन सटकले. एका वयस्कर बाईने मात्र घोषणा छापायचं सोडून स्टूल ओढलं, आणि आपला मुलगा घरात राहून बोलत नाही त्याची कहाणी सांगितली. काका ऐकत होते. टकटकबाई ओले कागद दोरीवर अडकवत होती. लेक आली नाही. येणार नव्हतीच.

फोनवरचा तुकडा सिनेमावाल्या मुलीने काढून टाकला, पण लोकांनी तो आपापल्याकडे ठेवला होता, तो फिरतच राहिला. लेकीचा पुन्हा कधी फोन आला नाही. टकटकबाई मात्र त्यानंतर दरवर्षी मेळाव्याला जाऊ लागली. दुपारी भाषण सुरू झालं की दोघं तंबूमागे डबे उघडायची. फार बोलायची नाहीत. एकदा काका म्हणाले, "तुम्हाला कधीच काही छापून नको असतं?" ती म्हणाली, "दुसऱ्यांचंच लिहीत आले, माझं असं काही सुचतच नाही." "सुचेल तेव्हा सांगा," काका म्हणाले आणि डब्यातला घास पुढे केला.

मेळावा संपला की ती संध्याकाळची बस पकडायची. घरी येऊन जिना चढायची, दिवा लावायची. वर्षाचे बाकीचे दिवस खोलीत तसेच असायचे; खाली टायर, वर टकटक, रविवारी भावाचा फोन. "बरी आहेस ना?" तो विचारायचा. आता ती लगेच उत्तर द्यायची नाही. आधी थोडं थांबून, त्याचा आवाज दमलेला आहे का ते ऐकायची.